गौरीचे माहेर, लेकीचा वाटा

भाद्रपद लागला की शहापूर-मुरबाडच्या डोंगरपट्ट्याला निराळीच कळा येते. माहुलीच्या सुळक्यांवर ढग रेंगाळत असतात. लावणी होऊन महिना-दीड महिना लोटलेला असतो, बेणणी उरकत आलेली असते, हळव्या भाताच्या खाचरांत पोटऱ्या फुगू लागलेल्या असतात आणि गरवी भाते अजून नुसतीच हिरवीगार डोलत असतात. कापणीला अवकाश असतो. शेतकऱ्याच्या घरी पावसाळ्यात जी काही उसंत मिळायची, ती याच दिवसांत. ओढ्याकाठी आणि बांधाबांधांवर गुलाबी तेरडा फुललेला असतो. अशा वेळी घरोघर गणपती येतो, त्याच्या मागोमाग गौर येते, आणि गौरीच्या मागोमाग घरच्या लेकी येतात.

अनुराधा नक्षत्रावर गौरीचे आवाहन, ज्येष्ठा नक्षत्रावर पूजन आणि मूळ नक्षत्रावर विसर्जन, असा हा तीन दिवसांचा सोहळा. गौर ही देवी खरी, पण आपल्या घरांतून तिचा थाट असतो तो माहेरवाशिणीचा. तिच्यासाठी घर सारवले जाते, कोरे लुगडे काढले जाते, तिला आवडेल ते रांधले जाते, आणि निघताना तिची ओटी भरून, पुढल्या वर्षी लवकर ये म्हणून डोळे पुसत तिला निरोप दिला जातो. ज्या समाजाने देवीलाच लेक मानले, त्या समाजात खऱ्या लेकीला माहेरी काय स्थान आहे, हा प्रश्न यंदाच्या गौरीच्या निमित्ताने आम्हांला विचारावासा वाटतो. त्यासाठी आमच्याच घरची हकीगत सांगणे प्राप्त आहे. घरातील गोष्ट चव्हाट्यावर मांडू नये असे म्हणतात. परंतु जे एका घरात घडले ते थोड्याफार फरकाने गावागावांत घडत आहे, म्हणून हा संकोच बाजूला ठेवीत आहो.

कोठीत नेलेली गौर

आमचे घर भातसेच्या खोऱ्यातले. गाव लहान, घरे कौलारू, शेती भाताची. आमच्याकडे गौर ती तेरड्याची. आवाहनाच्या दिवशी घरच्या लेकी आणि कुमारिका मिळून ओढ्यावर जात. तेरड्याची रोपे मुळांसकट उपटून स्वच्छ धुवायची, त्यांची जुडी बांधायची, ती सुपात ठेवायची आणि तोंडातून चकार शब्द न काढता घराकडे परतायचे. उंबऱ्यावर पायांवर दूधपाणी घालायचे, ओवाळायचे आणि मग उंबऱ्यापासून आत कुंकवाची पावले उमटवीत गौरीला घरात घ्यायचे.

येथवरचा विधी बहुतेकांच्या परिचयाचा आहे. आम्हांला लहानपणी ओढ असायची ती पुढच्या भागाची. गौर एकदम मखरात बसत नसे. तिला आधी सगळे घर दाखवायचे. माजघरातून स्वयंपाकघरात, तेथून कोठीच्या खोलीत भाताच्या कणग्यांजवळ, मग गोठ्यात गुरांपाशी, शेवटी दागिन्यांच्या पेटीपुढे. प्रत्येक ठिकाणी गौर घेतलेल्या लेकीने थांबायचे आणि घरच्या सुनेने विचारायचे, की इथे काय आहे. लेकीने उत्तर द्यायचे, की इथे धान्य आहे, इथे दूधदुभते आहे, इथे सोनेनाणे आहे. आमची थोरली आत्या हे सूप हाती घेऊन कोठीत शिरे, तेव्हा दिव्याच्या उजेडात तिचा चेहरा असा काही उजळून निघे की आम्हां मुलांना तीच गौर वाटे. त्या तीन दिवसांत घरातले सर्व काही तिचे असे. निदान आम्हांला तरी तसे वाटे.

त्या काळी लेकीने आपण होऊन माहेरी यायचे नसे. तिला आणावयास घरातील पुरुषाने जायचे, त्याला मुराळी म्हणत. आमचे वडील आणि काका आत्यांना आणावयास बैलगाडीने, नाहीतर पायी, भर पावसात नदीनाले ओलांडून जात. मुराळी दारात उभा राहिला की सासुरवाशिणीच्या सासरी तिची किंमत चार आण्यांनी वाढे. माझ्यामागे कोणी आहे, हे त्या एका मनुष्याच्या येण्याने साऱ्या गावाला कळे.

काय काय बदलले

आता यातले बरेच काही पालटले आहे. घरातील निम्मी माणसे कल्याण-डोंबिवली-ठाण्यात नोकरीस असतात. गणपतीच्या आदल्या दिवशी ती लोकलने वासिंदला, आसनगावला, आटगावला, खर्डीला उतरतात. मुरबाडकडे रेल्वे नाही, तिकडची मंडळी कल्याणहून एस. टी. पकडतात किंवा स्वतःच्या मोटारीने येतात. सारवलेल्या जमिनीची जागा लादीने घेतली, चुलीची गॅसने. कणग्या गेल्या, त्यांच्या ठिकाणी प्लॅस्टिकची पिंपे आली. तेरड्याच्या जुडीला मुखवटा लावण्याची पद्धत आमच्या घरी नव्हती, ती काकूंच्या हौसेने सुरू झाली. पुरणपोळ्या आता शहापूरच्या बाजारातून सांगून आणतात. आरती भ्रमणध्वनीवर लागते आणि सुटी नसल्यामुळे कित्येकदा मंडळी पूजनाच्या रात्रीच परतीची गाडी पकडतात.

यातील एकाही बदलाच्या वेळी आमच्या घरात कोणी धर्म बुडाला म्हणून हाकाटी केली नाही. करण्याचे कारणही नव्हते. गौरीची परंपरा कधीच एकसाची नव्हती. कोणाकडे पाणवठ्यावरून आणलेल्या खड्यांची गौर, कोणाकडे तेरड्याची, कोणाकडे मुखवट्याची, कोणाकडे धान्याच्या राशीवर मांडलेली, तर कोणाकडे कागदावर चितारलेली. नैवेद्यातही तीच तऱ्हा. कोणाकडे घावन-घाटले, कोणाकडे पुरणपोळी आणि सोळा भाज्या, आणि याच ठाणे-कुलाब्याच्या पट्ट्यात कित्येक घरी गौरीला तिखटाचा, म्हणजे मटणामासळीचा नैवेद्य लागतो. हे सर्व धर्म मानणारेच लोक. ज्याच्या घरी जे मिळाले, जे झेपले, ते त्याने भक्तिभावाने केले आणि पुढे तीच त्या घराची रीत ठरली.

तेव्हा रीत बदलते यात नवल नाही. नवल आहे ते दुसऱ्याच गोष्टीचे. सोयीसाठी आपण रीत बदलतो तेव्हा कोणाची अनुमती घेत नाही. परंतु घरातील लेक जेव्हा एखादा प्रश्न विचारते, तेव्हा आपल्याला परंपरेची एकाएकी आठवण होते. हे आम्ही दुसऱ्यांविषयी बोलत नाही, स्वतःविषयीच सांगत आहो.

१९७६ ची गौर

आमचे आजोबा वारले त्यानंतरच्या दुसऱ्या वर्षीची, म्हणजे १९७६ सालची गौर आम्हांला स्पष्ट आठवते. आम्ही तेव्हा दहा वर्षांचे होतो. पूजनाचा दिवस. पुरणाची जेवणे उरकली होती, तिन्ही आत्या पडवीत सुपाऱ्या कातरीत बसल्या होत्या. वडिलांनी आतून काही कागद आणले. सोबत तलाठ्याकडे ऊठबस असलेले गावातील एक गृहस्थ होते. जमिनीच्या कागदावर भावांची नावे लावायची आहेत, तुमची काही हरकत नाही ना, एवढेच काय ते विचारणे झाले. धाकट्या दोघींनी सह्या केल्या. थोरल्या आत्याने अंगठा उमटवला. शाई पुसायला तिने पदराचे टोक घेतले, आणि त्या कोऱ्या लुगड्याला पडलेला निळा डाग पाहून आजी रागावली. त्या दुपारच्या कागदांविषयी एवढीच एक नापसंती घरात उमटली.

पूजनाचा दिवस निवडला तो काही दुष्टपणाने निवडला, असे आम्ही म्हणणार नाही. तिन्ही बहिणी एकाच वेळी घरात असण्याचा वर्षातला तेवढाच दिवस होता. सोय पाहिली. परंतु आदल्या सायंकाळी जिने गौरीचे सूप घेऊन कोठीपाशी उभे राहून इथे धान्य आहे म्हणून सांगितले होते, तिनेच दुसऱ्या दिवशी त्या धान्यावर आपला काही अधिकार नाही म्हणून अंगठा दिला, ही विसंगती तेव्हा कोणाच्याच ध्यानी आली नाही. आत्याच्याही नाही.

पुढे १९८३ मध्ये थोरल्या आत्याचे यजमान गेले. पदरात तीन मुले. सासरची जमीन थोडी आणि तीही दिरांच्या हाती. ती माहेरी आली, आठ दिवस राहिली आणि परत गेली. वडिलांनी तिला जाताना तांदळाचे पोते दिले, लुगडे दिले. कोणी तिला तोडून बोलले नाही. तिने काही मागितलेही नाही. पुढे ती भातलावणीला मजुरीने जाऊ लागली, हे आम्हांला बऱ्याच वर्षांनी कळले.

कायद्याची वाट

कायदा या विषयात फार हळूहळू चालत आला आहे. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने वडिलांच्या स्वतःच्या वाट्यातील हिस्सा मुलीला मिळू लागला; परंतु वडिलोपार्जित एकत्र मिळकतीत जन्माने येणारा हक्क तेव्हा मुलग्यांकडेच राहिला. महाराष्ट्राने १९९४ मध्ये आपल्यापुरती दुरुस्ती करून मुलीलाही हा हक्क दिला, मात्र तो त्या तारखेपूर्वी लग्न झालेल्या मुलींना नव्हता. ९ सप्टेंबर २००५ पासून केंद्राच्या दुरुस्तीने ही अट गेली आणि विवाहित असो वा अविवाहित, मुलगी मुलाच्या बरोबरीची सहहिस्सेदार झाली. २००५ मध्ये वडील हयात असले पाहिजेत की नाही, यावर पुढे बराच वाद माजला. तो सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी मिटवला. मुलीचा हक्क जन्मानेच येतो, त्यासाठी त्या दिवशी वडील हयात असण्याची गरज नाही, असा तो निर्णय आहे. २० डिसेंबर २००४ पूर्वी रीतसर झालेल्या वाटण्या मात्र त्याने उकरल्या जात नाहीत.

आमच्या तालुक्यांत ठाकूर, कातकरी, वारली, महादेव कोळी यांचे पाडेच्या पाडे आहेत. अनुसूचित जमातींना १९५६ चा हा कायदा आपोआप लागू होत नाही, त्यांच्यात वारसा ज्याच्या त्याच्या रूढीप्रमाणे चालतो. तेथील लेकींचा प्रश्न म्हणूनच आणखी बिकट आहे. गौरीचा नाच त्या पाड्यांवरही रंगतो, हे येथे सांगून ठेवतो.

असो. कायद्याने दार उघडले, पण दाराशी हक्कसोडपत्र घेऊन भाऊ उभा असतो. हक्कसोडपत्र हा काही बेकायदा प्रकार नव्हे. लेकीने सर्व समजून, स्वखुशीने आपला वाटा भावाला दिला, तर तो तिचा अधिकार आहे आणि तिच्या मनाचा मोठेपणाही. परंतु दुय्यम निबंधकापुढे एकदा त्याची नोंदणी झाली, की पुढे मन बदलले म्हणून ते मागे घेता येत नाही. फसवून किंवा धाकाने सही घेतली असे म्हणावयाचे, तर न्यायालयाची पायरी चढून ते सिद्ध करावे लागते. भावाविरुद्ध ती पायरी किती बहिणी चढणार? आणि जिथे वाटा घेतलास तर माहेर तुटेल, एवढे वाक्य न उच्चारताच कळते, तिथे स्वखुशी कशाला म्हणावे?

मुराळी गेला नाही

आता आमच्या पिढीकडे वळतो. २०१५ मध्ये वडील गेले, आई त्याआधीच गेली होती. आम्ही दोघे भाऊ आणि दोघी बहिणी. थोरले बंधू गावी राहून शेती पाहतात. आम्ही नोकरीनिमित्त कल्याणला. थोरली बहीण ठाण्यास दिली, धाकटी मुरबाडला. त्याच सुमारास आमच्या तालुक्यातून समृद्धी महामार्गाची आखणी झाली. नागपूरहून निघून भिवंडी तालुक्यात आमणे येथे पोहोचणारा हा ७०१ किलोमीटरांचा रस्ता. त्याचा इगतपुरी-आमणे हा शेवटचा टप्पा ५ जून २०२५ रोजी खुला झाला. आमची जमीन त्या रस्त्यात गेली नाही. परंतु रस्ता येणार म्हटल्यावर भोवतालच्या जमिनींना भाव आला, आणि ज्या माळाकडे कोणी ढुंकून पाहत नव्हते त्याला गिऱ्हाईक येऊ लागले.

२०१७ च्या गौरीला थोरल्या बंधूंनी हक्कसोडपत्राचा कागद घरी आणला. येथे आम्हांला आपली चूक कबूल केली पाहिजे. तो कागद कल्याणला टंकलिखित करून घेतला होता आम्हीच. आत्यांनी सह्या दिल्या, तशा बहिणीही देतील, त्यात विचारण्यासारखे काय आहे, असेच आम्हीही धरून चाललो होतो. दिवस तोच, पूजनाचा. सोयही तीच.

ठाण्याच्या बहिणीने कागद हाती घेतला, वाचला आणि सहीसाठी लेखणी मागितली. धाकटी मात्र गप्प बसून राहिली. तिच्या यजमानांची कारखान्यातील नोकरी आदल्या वर्षी सुटली होती. मुलगी बारावीला होती. बंधूंनी दोनदा विचारले, तेव्हा ती एवढेच म्हणाली, “दादा, मला वाटा हवा असं मी कधी म्हटलं नाही, आणि नको असंही म्हटलेलं नाही. मला कुणी विचारलंच नाही. कागदच आला.”

घरात शांतता पसरली. बंधूंचा चेहरा उतरला. “बाबांच्या वेळी आत्यांनी असं केलं नाही. आपल्या घरात ही पद्धत नाही,” ते म्हणाले.

थोरली आत्या त्या वर्षी आली होती. ऐंशी उलटलेली, मखरापासून दूर, दाराजवळ भिंतीला टेकून बसलेली. ती म्हणाली, “पोरांनो, माझं नाव घेताय म्हणून बोलते. मी अंगठा दिला, कारण मला वाटलं, असं केलं की माहेर राहील. राहिलं की! दर वर्षी मुराळी आला, दर वर्षी लुगडं मिळालं. पण तुमचे मामंजी गेले, तेव्हा याच दारात मी आठ दिवस बसून होते. भाऊकडे बोलायचं म्हणून आले होते. तोंडच उघडेना. वाटा सोडलेल्या बाईनं मागायचं ते कशाच्या जोरावर? मागितलं तर ती भीक. म्हणून तशीच उठून गेले.”

आमचे वडील हयात असते तर त्यांना हे ऐकून काय वाटले असते, याचा आम्ही पुष्कळ वेळा विचार केला आहे. त्यांचे बहिणीवर प्रेम होते, यात आम्हांला शंका नाही. तिने एक शब्द बोलावा, त्यांनी सर्वस्व द्यावे, असाच तो स्वभाव होता. परंतु तो शब्द उच्चारण्याची हिंमत तिच्यापाशी कशामुळे राहिली नाही, हे त्यांना शेवटपर्यंत उमगले नाही.

कागद पुन्हा पेटीत गेला. पण प्रकरण तेथे थांबले नाही. २०१८ च्या गौरीला धाकटीकडे मुराळी गेला नाही. दूरध्वनीवरून ये म्हणून सांगितले गेले, तेही आवाहनाच्या सकाळी. ती आली नाही. ठाण्याची बहीणही काही निमित्त सांगून राहिली. सायंकाळी ओढ्यावर जावयाची वेळ झाली तेव्हा घरात लेक अशी कोणी नव्हती. वहिनींनी शेजारच्या मुली बोलावल्या, तेरडा आणला, पण उंबऱ्याच्या आत आल्यावर त्या सूप हातात घेऊन तशाच उभ्या राहिल्या. घर दाखवावयाचे ते कोणी कोणाला? विचारणारी सून आणि सांगणारीही सूनच. गौर त्या वर्षी कोठीत गेलीच नाही. थेट मखरात बसली.

त्या रात्री वहिनी बंधूंना जे म्हणाल्या ते आमच्यादेखत म्हणाल्या, म्हणून येथे लिहिण्यास हरकत नाही. वहिनींचे माहेर मुरबाड तालुक्यातले. त्यांनीही आपल्या माहेरी काही वर्षांपूर्वी सही करून दिली होती. “मी सही केली तेव्हा तुम्हीच म्हणालात, की तुझ्या भावांनी तुला काहीच कसं दिलं नाही. तुमच्या बहिणीच्या घरातही आज हेच बोलणं चाललं असेल. पुढच्या वर्षी लेक आली नाही, तर मी ओढ्यावर जाणार नाही.”

थोरल्या भावाची बाजू

येथे थोरल्या बंधूंची बाजू न सांगणे अन्यायाचे होईल. चाळीस वर्षे त्यांनी त्या खाचरांत पाय रोवून काढली. राब भाजला, आवण काढले, बांध घातले. आईवडिलांची दुखणी काढली. आम्ही शहरात गेलो, बहिणी सासरी गेल्या, मागे राहिले ते एकटेच. भाव नव्हता तेव्हा या जमिनीची कोणास आठवण नव्हती, आणि भाव येताच सर्वांची नावे निघाली, असे त्यांना वाटले तर त्यात चूक काय? ज्याने जमीन सांभाळली त्याचे श्रम कायद्याच्या समान हिश्श्यात मोजले जात नाहीत, हे खरेच आहे. बहिणींना हक्क द्यावा म्हणून शहरात बसून लेख लिहिणे सोपे आहे. ज्याच्या ताटातून घास जाणार असतो, त्याला विचारावे.

परंतु श्रमाचा हिशेब करावयाचा तर तो समोरासमोर बसून करता येतो. बहिणीची सही गृहीत धरून तो होत नाही. आमचा शहापूर तालुका तरी हे चांगले जाणतो. १८९२ मध्ये बांधून झालेल्या तानसा तलावाचे आणि पुढे झालेल्या भातसा धरणाचे पाणी येथून मुंबईस जाते, आणि त्याच तालुक्यातील कित्येक गावपाड्यांवर उन्हाळ्यात बाया टँकरची वाट पाहत हंडे मांडून बसतात. जो मुकाट्याने देतो त्याला सगळेच गृहीत धरतात, हे येथील बायकांना कोणी वेगळे शिकवावयास नको.

२०१९ च्या भाद्रपदात हरतालिकेच्या आधी थोरले बंधू स्वतः मुरबाडला गेले. आम्हांला न सांगता, एस. टी. ने, हातात पिशवी आणि छत्री घेऊन. धाकटीने दार उघडले तेव्हा ते म्हणाले, “मुराळी आलोय.” यापलीकडे काय बोलणे झाले ते दोघांपैकी कोणीच आम्हांला सांगितले नाही, आणि आम्हीही विचारले नाही.

गौरी-गणपतीच्या दिवसांत कागदाचा विषय घरात काढावयाचा नाही, असे त्या वर्षी ठरले. दिवाळीनंतर चौघे बसलो. सातबारावर चौघांची नावे वारस म्हणून लागली. माळाचा एक तुकडा विकला त्याचे चार सारखे भाग झाले. घर आणि ओढ्यालगतचे मोठे खाचर थोरल्या बंधूंच्या चाळीस वर्षांच्या कष्टांसाठी त्यांनाच द्यावे, असे सुचवले ते धाकट्या बहिणीने. आम्ही तिघांनी तसे हक्कसोडपत्र करून दिले. हा कागद सर्वांनी घरी नेऊन वाचला होता, प्रश्न विचारले होते, एक कलम बदलूनही घेतले होते. दुय्यम निबंधकांच्या कचेरीतून बाहेर पडल्यावर धाकटी बंधूंना म्हणाली, “आता हे मी दिलंय, दादा.” तिच्या वाट्याच्या पैशांतून भाचीचे परिचारिकेचे शिक्षण झाले.

सर्व काही गोडीगुलाबीने मिटले, असे मात्र आम्ही म्हणणार नाही. बंधूंच्या मनात कोठेतरी एक सल राहिला आहे. भावकीत आजही कोणी कोणी, तुमच्या घरात बहिणींनी वाटे घेतले, असे हलक्या आवाजात बोलून दाखवतात. ठाण्याची बहीण पूर्वीसारखी मोकळेपणाने येत नाही, निमित्ते सांगते. पण माहेर तुटले नाही.

ओटी

एक लहानशी गोष्ट सांगून हा लेख पुरा करू. यजमान गेल्यापासून थोरली आत्या गौरीच्या मखराजवळ आली नव्हती. कोणी तिला मना केले नव्हते, तिची तीच मागे सरली होती. २०२२ च्या मे महिन्यात कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड या गावच्या ग्रामपंचायतीने विधवांच्या बांगड्या फोडणे, कुंकू पुसणे यांसारख्या प्रथा बंद करण्याचा ठराव केला. पुढे राज्य शासनानेही इतर ग्रामपंचायतींनी त्याचा कित्ता गिरवावा असे कळवले. वर्तमानपत्रातील ती बातमी वहिनींनी वाचली. त्यांनी काही भाषण केले नाही. त्या वर्षी पूजनाच्या दिवशी सवाष्णींच्या ओट्या भरून झाल्या, तशा त्या ताट घेऊन दाराजवळ गेल्या आणि आत्याच्या पदरात तांदूळ, नारळ आणि खण घातला. आत्या एवढेच म्हणाली, “अगं, मला कशाला?” पण पदर तिने पुढे केला होता.

आत्या आता नाही. यंदा गौरीचे सूप भाची घेणार आहे. रुग्णालयातील पाळी बदलून तिने आवाहनाची सायंकाळ मोकळी ठेवली आहे. तिला आणावयास थोरले बंधू जाणार आहेत. मोटार असली तरी मुराळ्याने जावयाचे, हे त्यांचे ठरलेले आहे. कोठीत आता कणग्या नाहीत, पिंपे आहेत. वहिनी नेहमीप्रमाणे विचारतील, की इथे काय आहे. भाची सांगेल, की धान्य आहे. तिच्या आईचे नाव त्या शेताच्या सातबारावर आहे, हे दोघींनाही ठाऊक असेल.

वाचकहो, आपल्याही घरी या आठवड्यात लेकी येतील. त्यांचे कौतुक करा, त्यांना आवडेल ते रांधा, त्यांना झोपू द्या. सहीचा एखादा कागद पेटीत तयार असेल, तर तो तीन दिवस तेथेच राहू द्या. पुढे कधीतरी सवडीने तो त्यांच्या हाती द्या, घरी नेऊन वाचा म्हणा, आणि त्या काय म्हणतात ते ऐकून घ्या. कदाचित त्या सर्व काही तुम्हांलाच देतील. तसे झाले, तर ते त्यांनी दिलेले असेल.